मॅच लागत नाहीये? राउटर बंद-चालू करायच्या आधी हे बघा

रविवारी रात्री साडेनऊला भांडुपहून भाच्याचा फोन. "मामा, ऑनलाइन गेममध्ये मॅचच लागत नाहीये रे, अर्धा तास नुसतं गोल फिरतंय." विचारलं कुठला गोल, तर म्हणे "अरे तोच, गोल." पठ्ठ्याने तोवर राउटर चार वेळा बंद-चालू केला होता, कुठल्यातरी व्हिडिओत बघून डीएनएस (साइटचा पत्ता शोधून देणारी सेवा) बदलला होता आणि आता अख्खा गेम उडवून परत टाकायला निघाला होता, म्हणजे साठ-सत्तर जीबीचं डाउनलोड परत, आणि तिकडे ताईची सीरियल मध्येच अडकली म्हणून ती मागून ओरडतेय ते मला फोनवर ऐकू येतंय. शेवटी निघालं काय, तर पार्टीतल्या (म्हणजे एकत्र खेळणाऱ्या टोळीतल्या) डोंबिवलीच्या मित्राने गेम अपडेटच केला नव्हता. व्हर्जन वेगळं, म्हणून अख्खी पार्टी रांगेत उभीच राहत नव्हती. राउटर बिचारा फुकटचा मार खात होता.

हे दर महिन्याला कोणा ना कोणाचं होतं आणि दर वेळी तेच सांगतो, म्हणून एकदा लिहूनच टाकतो. मुख्य गोष्ट एकच, काहीही बदलायच्या आधी नक्की कुठल्या पायरीवर अडकलंय ते बघा.

पायऱ्या अशा. आधी लॉगिन, मग लॉबी (मित्रांची लिस्ट दिसते ती जागा), मग रांग म्हणजे मॅच शोधणं, आणि मॅच सापडली की प्रत्यक्ष गेम सर्व्हरला जोडणं. चारही ठिकाणी गोलच फिरतो पण मागचं मशीन वेगवेगळं असतं. लॉगिन, लॉबी आणि रांग हे काम बहुतेक करून साध्या वेबसाइटसारख्या कनेक्शनवर चालतं, एक वस्तू पाठवली, पोचल्याची पावती आली, मग पुढची. खेळ सुरू झाला की मात्र गाडी यूडीपीवर जाते, तिथे पावती-बिवती काही नाही, पेपरवाला खालून तिसऱ्या मजल्याच्या गॅलरीत पेपर भिरकावतो तसं, पडला तर पडला नाहीतर पुढचा येतोच आहे. म्हणून "यूट्यूब मस्त चालतंय, स्पीड टेस्टला शंभर येतात" ह्याने खेळाबद्दल काहीच सिद्ध होत नाही. व्हिडिओ आधीच पुढचं भरून ठेवतो, पाच सेकंद नेट गेलं तरी तुम्हाला कळत नाही. गेममध्ये पाच सेकंद म्हणजे तुम्ही मेलात.

लॉगिनलाच अडकलं असेल तर आधी गेमच्या सर्व्हर स्टेटसचं पान बघा, दोन मिनिटं लागतात आणि अर्ध्या वेळेला उत्तर तिथेच असतं. स्टीमवाले (पीसी गेमचं ऑनलाइन दुकान) दर मंगळवारी मेंटेनन्स करतात, अमेरिकेतला मंगळवार, म्हणजे आपल्याकडे बुधवारची पहाट, त्या वेळी काही हललं तर घाबरू नका, चहा प्या. दुसरं म्हणजे कॉम्प्युटरचं घड्याळ. हसू नका. जुन्या पीसीच्या मदरबोर्डवरचा सीआर २०३२ सेल मेला की घड्याळ दरवेळी काही वर्षं मागे जातं, मग सर्टिफिकेटची तारीख जुळत नाही आणि लॉगिन सर्व्हर तुम्हाला दारातच उभं करतो. किराणावाल्याकडे मिळतो तो सेल. आणि व्हॅलोरंटचं म्हणाल तर विंडोज ११ वर त्याचं अँटीचीट (फसवणूक पकडणारं सॉफ्टवेअर) टीपीएम २.० आणि सिक्युअर बूट ही पीसीची दोन्ही सुरक्षा सेटिंग चालू मागतं, ते बंद असलं तर एरर येते आणि माणूस नेटवाल्याला शिव्या घालत बसतो, नेटचा तिथे काडीचा संबंध नाही.

रांगेत अडकलं असेल, म्हणजे टायमर चालू आहे पण मॅच सापडतच नाही, तर बहुतेकदा नेटपेक्षा सेटिंगचा झोल असतो. पार्टीतल्या प्रत्येकाचं व्हर्जन एक आहे का, सगळ्यांनी रीजन तोच निवडलाय का, पार्टीत कोणाला कूलडाउन (मॅच सोडल्याबद्दलची तात्पुरती खेळबंदी) लागलाय का, मोड कुठला निवडलाय, हे बघा. डोटा २ मध्ये रीजन हाताने टिक करायचे असतात, तिथे फक्त भलताच कुठलातरी टिक राहिला असेल तर बसा वाट बघत. काउंटर-स्ट्राइक २ मध्ये सेटिंगात जास्तीत जास्त किती पिंग (सर्व्हरपर्यंत जाऊन परत यायला लागणारा वेळ) चालेल असा एक आकडा असतो, कोणीतरी सांगितलं म्हणून पोरं तो पार खाली आणून ठेवतात आणि मग आपलं पिंग त्याच्या वर गेलं की मॅच मिळतच नाही, किंवा मिळायला युगं लागतात. आणि हो, पहाटे चार वाजता वरच्या रँकला रांग लांबच असणार, तेवढ्या लेव्हलची माणसं तेव्हा झोपलेली असतात. हा प्रॉब्लेम नाही, ही मुंबई आहे, उद्या ऑफिस आहे लोकांना.

चौथ्या पायरीवर, म्हणजे मॅच सापडली, सगळ्यांनी ॲक्सेप्ट केलं आणि मग कनेक्ट होता होता फेकलं, असं होत असेल तर मात्र खरंच नेट, राउटर किंवा फायरवॉल बघायची वेळ आली. एक सांगून ठेवतो, टेस्टिंग रँक्ड मॅचमध्ये करू नका. गेमला तुम्ही पळालात की नेट गेलं ह्यातला फरक कळत नाही, दोन्हीला शिक्षा तीच, आणि मग प्रॉब्लेम सुटला तरी कूलडाउन संपेपर्यंत भिंतीकडे बघत बसावं लागतं. डेथमॅच, प्रॅक्टिस, जे काय असेल त्यात करा.

मोबाइल हॉटस्पॉट, सगळ्यात भारी टेस्ट

राउटरला हात न लावता फोनचा हॉटस्पॉट चालू करा, पीसी त्याला जोडा आणि तीच गोष्ट परत करून बघा. हॉटस्पॉटवर चाललं तर लोचा घरच्या लाईनमध्ये किंवा राउटरमध्ये आहे. तिथेही तीच एरर, त्याच जागी, तर लोचा पीसीत, अकाउंटमध्ये किंवा गेमच्या बाजूला. बस, अर्धं जग बाद झालं. ह्याला दोन जीबीसुद्धा लागत नाहीत, फक्त त्या वेळी गेमचं अपडेट चालू होणार नाही एवढं बघा, नाहीतर दिवसाचा डेटा एका झटक्यात खलास.

पीसीचा लोचा निघाला तर विंडोज फायरवॉलमध्ये गेमला परवानगी आहे का बघा, प्रायव्हेट आणि पब्लिक दोन्हीला टिक पाहिजे, कारण बऱ्याच जणांनी घरचं वायफाय पहिल्यांदा जोडताना पब्लिक म्हणून सेव्ह केलेलं असतं. अँटीव्हायरस, जुनं व्हीपीएन, प्रॉक्सी, हे सगळं बंद करून बघा. मग गेमच्या फाइल व्हेरिफाय करा, अनइन्स्टॉल नाही, व्हेरिफाय, जेवढ्या फाइल खराब तेवढ्याच उतरतात. डीएनएसची साठवण पुसायची असेल तर कमांड प्रॉम्प्टमध्ये आयपीकॉन्फिग, स्पेस, स्लॅश, फ्लशडीएनएस (इथे देवनागरीत लिहितोय, टाइप अर्थातच इंग्रजीत करा). डीएनएस १.१.१.१ किंवा ८.८.८.८ करून बघायला हरकत नाही पण त्याने पिंग कमी होतं हा गैरसमज आहे. डीएनएसचं काम फक्त पत्ता शोधून देणं, रस्त्यातलं ट्रॅफिक तो थोडंच हटवणार.

घरचा लोचा असेल तर पायरीपायरीने पिंग

इथे मी वेळ घालवतो, कारण भांडण ह्याच्यावर जिंकता येतं. कमांड प्रॉम्प्टच्या दोन खिडक्या उघडा. एकीत पिंग डॅश टी आणि पुढे राउटरचा पत्ता, बहुतेक १९२.१६८.१.१ किंवा १९२.१६८.०.१ असतो. दुसरीत पिंग डॅश टी १.१.१.१. दोन्ही दहा मिनिटं चालू ठेवा, जमलं तर गेम चालू असताना.

राउटरवालं पिंग कायम एक-दोन मिलिसेकंद पाहिजे. तेच मध्येच ८०, २००, रिक्वेस्ट टाइम्ड आउट असं नाचायला लागलं तर नेटवाल्याला फोन करू नका, तो तुमच्या घरातला वायफायचा मामला आहे. आमच्या बिल्डिंगमध्ये फोनवर वायफायची लिस्ट उघडली तर तीसएक नावं येतात, शेजारचे जोशी, खालचा क्लास, समोरचं डेंटिस्टचं क्लिनिक, आणि २.४ गिगाहर्ट्झमध्ये एकमेकांवर न चढणारे चॅनल तीनच, १, ६ आणि ११. तीस जण तीन चॅनलवर, म्हणजे सकाळची आठ बेचाळीसची फास्ट. ५ गिगाहर्ट्झवर जा, तो भिंतीतून कमी जातो पण त्यामुळेच शेजाऱ्याचाही कमी येतो. नाहीतर सरळ लॅन केबल टाका, दाराच्या वरून पट्टीतून नेली तर आईलाही चालते, आमच्याकडे चालली. राउटर फ्रिजवर स्टीलच्या डब्यांच्या मागे ठेवला असेल तर तो आधी तिथून काढा.

राउटरवालं पिंग शांत आहे आणि १.१.१.१ वालं नाचतंय, तर पुढचा प्रश्न, नेहमीच नाचतंय की घरात कोणीतरी काहीतरी अपलोड करतंय तेव्हा? आमच्याकडे रोज रात्री दहानंतर पिंग १५ वरून ३०० वर जायचं, आठवडाभर मी लाईनला दोष देत होतो, शेवटी कळलं की बाबांचा फोन चार्जिंगला लागला की चुलतबहिणीच्या लग्नाचे सगळे व्हिडिओ क्लाउडवर चढवायला लागतो. राउटर बापडा पाकिटं (डेटाचे छोटे तुकडे) रांगेत जमवून ठेवतो आणि तुमचं गेमचं पाकीट त्या लग्नाच्या वरातीमागे उभं. ह्याला बफरब्लोट म्हणतात. राउटरमध्ये क्यूओएस किंवा एसक्यूएम (ही रांग नीट लावणारी सेटिंग) असेल तर चालू करा आणि स्पीड खऱ्या स्पीडच्या ८५-९० टक्क्यांवर बांधा, थोडा स्पीड जातो पण पिंग ताळ्यावर येतं. नसेल तर बाबांच्या फोनमध्ये बॅकअपची वेळ बदला.

कोणी काही अपलोड करत नाहीये तरी नाचतंय, मग बाहेरची लाईन. आपल्याकडे बऱ्याच ठिकाणी अजून असं असतं की फायबर गच्चीवरच्या डब्यापर्यंत येतो आणि तिथून घरात साधी लॅन वायर, खिडकीबाहेरून लोंबकळत. पावसाने काचेच्या तारेला तसं काही होत नाही, होतं ते जोडांना, स्विचला आणि ॲडॉप्टरला. गेल्या पावसाळ्यात आमचा स्पीड दोनशेवरून नेमका पंचाण्णववर अडकला आणि पाऊस जोरात आला की मॅचमधून फेकायला लागलं. वायर काढून बघितली तर जॅकच्या आतल्या पितळी दातांवर हिरवट थर, आठातले दोन दात पार काळे. गिगाबिटला चारही जोड्या लागतात, एक मेली की लाईन आपोआप १०० एमबीपीएसवर उतरते, म्हणून तो पंचाण्णव. लाईनमनने जॅक कापून नवा लावला, पाच मिनिटांचं काम. त्याने वायरला खिडकीबाहेर एक खाली लोंबणारा वळसा पण ठेवला, पाणी वायरवरून आत न येता त्या वळशावरून टपकतं. हा वळसा तुमच्या वायरला नसेल तर आजच द्या.

फायबर थेट घरात असेल तर डब्यावरचे दिवे बघा. पॉन हिरवा स्थिर पाहिजे, लॉस नावाचा दिवा लाल झाला म्हणजे उजेडच येत नाहीये, मग सेटिंग बदलून शून्य फायदा. गणपतीच्या आधी मंडपाचं काम सुरू झालं की हे जास्त होतं, डेकोरेशनवाला माळा बांधताना तीच पिवळी-काळी वायर ओढून गाठ मारतो, काच ती, जास्त वाकवली की उजेड गळतो. पूर्ण तुटली तर बरं, निदान कळतं. अर्धवट वाकली तर नेट चालू राहतं आणि पाकिटं मात्र हरवत राहतात.

नॅट, म्हणजे गेटवरचा वॉचमन

ज्या गेमला स्वतःचे सर्व्हर आहेत तिथे ह्याचं एवढं काही नाही. पण जीटीए ऑनलाइनसारख्या गेममध्ये खेळाडूंची मशीन थेट एकमेकांशी बोलतात, तिथे नॅट (बाहेरून येणाऱ्याला अडवणारा राउटरचा भाग) स्ट्रिक्ट, म्हणजे कडक असेल तर मित्राच्या सेशनमध्ये शिरताच येत नाही, किंवा त्याचा आवाज येत नाही. प्लेस्टेशनवर हे टाइप १, २, ३ असं दिसतं, एक्सबॉक्सवर ओपन, मॉडरेट, स्ट्रिक्ट.

सोसायटीचा वॉचमन डोळ्यासमोर आणा. तुम्ही आतून जेवण मागवलं तर तो डिलिव्हरीवाल्याला सोडतो, कारण तुम्ही आधी फोन केलाय. न बोलावता कोणी आला तर गेटवरच थांबवतो. राउटर नेमकं हेच करतो. यूपीएनपी चालू करणं म्हणजे गेमला वॉचमनला सांगायची परवानगी देणं, की माझ्याकडे पाहुणे येणार आहेत, सोड. पोर्ट फॉरवर्डिंग म्हणजे तेच कायमचं रजिस्टरमध्ये लिहून ठेवणं. एक्सबॉक्सला ३०७४ नंबरचा पोर्ट (आत यायचा दरवाजा) लागतो, बाकीच्यांचे आकडे ज्याच्या त्याच्या सपोर्टच्या पानावर असतात. दोन्ही एकदम करू नका, आधी यूपीएनपी, जमलं नाही तर पोर्ट.

आता गंमत अशी की नेटवाल्याच्या डब्याला तुम्ही स्वतःचा राउटर जोडला असेल तर दोन वॉचमन झाले, आतल्याला सांगितलं तरी बाहेरचा अडवतोच. नेटवाल्याला सांगून त्याचा डबा ब्रिज मोडवर (म्हणजे वॉचमनगिरी बंद, नुसतं पुढे पाठवायचं) टाकून घ्या. आणि त्याच्याही पुढे, बरेच नेटवाले पब्लिक पत्ते वाचवायला अख्ख्या एरियाला एकाच पत्त्यामागे बसवतात, त्याला सीजीनॅट म्हणतात. ओळखायचं कसं? राउटरच्या पानावर वॅनचा (म्हणजे बाहेरच्या बाजूचा) आयपी पत्ता बघा आणि मग कुठल्याही आयपी सांगणाऱ्या वेबसाइटवर बघा. दोन वेगळे आले, किंवा वॅनचा आकडा १००.६४ ते १००.१२७ ह्यातला असला, तर कॉम्प्लेक्सच्या मोठ्या गेटवर अजून एक वॉचमन आहे आणि तो तुमचं ऐकत नाही. मग घरात किती पोर्ट उघडलेत तरी उपयोग नाही, नेटवाल्याकडे पब्लिक किंवा स्टॅटिक आयपी मागा, बहुतेक जण वरचे पैसे घेतात. मोबाइल हॉटस्पॉटवरही बहुतेकदा सीजीनॅटच असतं, त्यामुळे वरची हॉटस्पॉटची टेस्ट नॅटच्या प्रॉब्लेमला धरू नका.

पिंग किती असायला पाहिजे

काचेच्या तारेत उजेड सेकंदाला साधारण दोन लाख किलोमीटर जातो, म्हणजे हजार किलोमीटरला जाऊन-येऊन १० मिलिसेकंद. मुंबई-सिंगापूर ३९०० किलोमीटरच्या आसपास, तर ४० च्या खाली कोणाचा बाप आला तरी जाणार नाही, तार सरळ रेषेत नसते म्हणून प्रत्यक्षात साठ-सत्तर धरा. मुंबईतल्या सर्व्हरला मुंबईतून ५ ते १५. तुम्ही मुलुंडला बसून मुंबईच्या सर्व्हरवर ७० घेताय, तर तुमचं पाकीट भलतीकडे फिरून येतंय. ट्रेसर्ट (पाकीट कुठून कुठून जातं ते दाखवणारी कमांड) लावून बघा, मध्ये सिंगापूर किंवा चेन्नईची नावं दिसली तर हा रूटिंगचा, म्हणजे रस्ता निवडण्याचा प्रॉब्लेम आणि तो नेटवाल्यानेच सोडवायचा. मधल्या एखाद्या ओळीत तारे-तारे दिसले तर लगेच बोंब मारू नका, काही राउटर मुद्दाम उत्तर देत नाहीत. तारे किंवा मोठे आकडे तिथून शेवटच्या ओळीपर्यंत टिकले तरच खरं. व्हीपीएन लावल्यावर पिंग कमी झालं तर तेही रूटिंगचंच लक्षण, पण कायमचा इलाज म्हणून वापरू नका.

कधी कधी दोष समुद्रात असतो. सप्टेंबर २०२५ मध्ये जेद्दाहजवळ तांबड्या समुद्रात एसएमडब्ल्यू ४ आणि आयएमईडब्ल्यूई ह्या केबल तुटल्या होत्या, दोन्ही मुंबईत किनाऱ्याला लागतात. असं झालं की युरोपचे सर्व्हर रडतात, आणि गेमचा सर्व्हर मुंबईत असला तरी लॉगिनचा सर्व्हर तिकडे असेल तर गाडी पहिल्याच पायरीवर अडते. बातम्या बघा, राउटर सोडा.

तक्रार कशी करायची

"नेट स्लो आहे" म्हणालात की समोरून "स्पीड टेस्टचा फोटो पाठवा" येणार आणि तिथे शंभर दिसले की तक्रार बंद. त्याऐवजी लॅन केबलवर काढलेले तीन फोटो पाठवा, राउटरचं शांत पिंग, १.१.१.१ चं नाचणारं पिंग, आणि गेम सर्व्हरचं ट्रेसर्ट, सोबत वेळ. केबलवर काढले की "वायफायचा प्रॉब्लेम असेल सर" हे वाक्य मेलं. सलग तीन रात्रींचे असतील तर अजून बरं, आणि लाईनमन घरी आला की कस्टमर केअरपेक्षा त्यालाच दाखवा, त्याला वायर कुठून आलीय ते माहीत असतं.

गेमच्या सपोर्टला लिहिताना एररचा कोड, कुठल्या पायरीवर आली, हॉटस्पॉटवर काय झालं आणि मॅच आयडी असेल तर तो द्या. आणि वेळ यूटीसीत (जागतिक प्रमाणवेळेत) लिहा, तिकडचा माणूस लॉग त्यातच शोधतो. आपले रात्रीचे साडेनऊ म्हणजे त्यांचे दुपारचे चार.